म्बिसीन तेरेझ दियोप आणि 'ला न्वार द…': वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आफ्रिकी सिनेमाचा इतिहास सांगताना १९६६ चा 'ला न्वार द…' वगळून पुढे जाता येत नाही. इंग्रजीत तो 'ब्लॅक गर्ल' या नावाने ओळखला जातो. दिग्दर्शक उस्मान सेम्बेन यांच्यावर भरपूर लिहिलं गेलं आहे. पण ज्यांच्या चेहऱ्यावर हा सगळा चित्रपट उभा आहे, त्या म्बिसीन तेरेझ दियोप यांच्याबद्दल दोन-चार ओळींपलीकडे फारसं वाचायला मिळत नाही. त्यामुळेच बहुधा तेच तेच प्रश्न येत राहतात. ते इथे एकत्र केले आहेत.

चित्रपट अजून पाहिला नसेल आणि शेवट आधी कळायला नको असेल, तर प्रश्न ५ पर्यंत वाचून थांबा. दिऊआना या पात्राचा उल्लेख 'ती' असा आणि अभिनेत्री दियोप यांचा 'त्या' असा केला आहे.

१. म्बिसीन तेरेझ दियोप कोण?

सेनेगलच्या अभिनेत्री. 'ला न्वार द…' या चित्रपटात त्यांनी दिऊआना ही मुख्य भूमिका केली. सहाराच्या दक्षिणेकडच्या आफ्रिकेतल्या दिग्दर्शकाचा एखादा चित्रपट जगभर पोहोचला, त्यावर लिहिलं गेलं, त्याला मोठी पारितोषिकं मिळाली, असं पहिल्यांदा घडलं ते या चित्रपटाच्या बाबतीत. त्यामुळे वसाहती संपल्यानंतरच्या आफ्रिकी सिनेमाचा जगाने पाहिलेला पहिला मोठा चेहरा दियोप यांचा आहे, असं मी बिनदिक्कत म्हणते. श्रेयनामावलीत आणि पुस्तकांत त्यांचं नाव कधी म्बिसीन, कधी तेरेझ म्बिसीन असं उलटसुलट येतं. व्यक्ती एकच.

२. चित्रपटाची गोष्ट थोडक्यात काय?

दिऊआना ही सेनेगलची राजधानी डाकारमधली तरुणी. कामाच्या शोधात ती गोऱ्यांच्या वस्तीतल्या उंच इमारतींमध्ये दारोदार फिरते आणि दारं बंद होत जातात. शेवटी, जिथे कामकरी बायका मालकिणींची वाट बघत बसतात त्या ठिकाणी ती जाऊन बसते. एक फ्रेंच बाई येते. बाकीच्या बायका तिच्याभोवती गर्दी करतात, दिऊआना जागची हलत नाही, आणि नेमकी म्हणूनच तिची निवड होते. डाकारमध्ये तिचं काम मुलांना सांभाळण्याचं. पुढे हे कुटुंब फ्रान्सला परततं आणि तिलाही भूमध्य समुद्राकाठच्या आंतिब शहरात बोलावून घेतं. नवा देश, दुकानं, समुद्र बघायला मिळेल या आशेने ती जहाजाने जाते. तिथे पोहोचल्यावर मुलं दिसतच नाहीत. आहे स्वयंपाक, धुणं, झाडूपोछा आणि चार भिंती. मालक आणि मालकीण यांना चित्रपटात नावं दिलेली नाहीत, नाव आहे ते हिला. इतकं कळलं तरी चित्रपट पाहायला पुरेसं आहे.

३. दियोप व्यावसायिक अभिनेत्री होत्या का?

त्या शिवणकाम करायच्या. सेनेगलमध्ये त्या काळी चित्रपटात काम करून पोट भरणं कोणालाच शक्य नव्हतं, कारण चित्रपट जवळजवळ बनतच नव्हते. सेम्बेन यांनी आपल्या बहुतेक चित्रपटांत ज्यांचा पेशा अभिनय नाही अशी माणसं घेतली. त्यांना नाटकी हावभाव नको होते. ते स्वतः मार्सेयच्या बंदरात गोदी कामगार होते, त्यामुळे कष्टाच्या कामात माणूस कसा उभा राहतो, कसा वाकतो, हे त्यांना चांगलं ठाऊक होतं. पडद्यावर त्यांना ते हवं होतं.

पण "साधी मुलगी, जशी होती तशी कॅमेऱ्यासमोर उभी केली" असं जे कधी कधी लिहिलं जातं, ते मला मान्य नाही. का, ते प्रश्न ५ मध्ये सांगते.

४. चित्रपटात ऐकू येतो तो आवाज त्यांचाच आहे का?

नाही. हे कळल्यावर अनेकांना धक्का बसतो. दिऊआनाच्या मनातलं बोलणं, म्हणजे चित्रपटभर कानावर पडणारा तो खर्जातला, दुखावलेला आवाज तोतो बिसांत यांचा आहे. बिसांत या हैतीच्या गायिका आणि अभिनेत्री. १९५६ मध्ये पॅरिसमध्ये कृष्णवर्णीय कलाकारांनी 'ले ग्रियो' ही नाटकमंडळी काढली, तिच्या संस्थापकांमध्ये त्या होत्या. पुढे अंगोलाच्या स्वातंत्र्यलढ्यावर चित्रपट करणाऱ्या सारा माल्दोरोर याही त्याच मंडळीतल्या.

यामागचं कारण व्यवहाराचं आहे. चित्रीकरण करतानाच आवाज नोंदवायचा तर त्याला लागणारी यंत्रं आणि पैसा सेम्बेन यांच्याकडे नव्हता. चित्रं आधी घेतली गेली, संवाद मागाहून फ्रान्समध्ये चढवले गेले. मालक आणि मालकीण यांचे आवाजही पडद्यावरच्या कलाकारांचे नाहीत. रोबेर फोंतेन आणि आन-मारी येलिनेक पडद्यावर दिसतात, त्यांचे संवाद दुसऱ्यांनी म्हटले आहेत. म्हणजे एकट्या दियोप यांचाच आवाज काढून टाकला, हा समज बरोबर नाही.

५. आवाज दुसऱ्याचा, मग अभिनयाचं श्रेय दियोप यांना कसं द्यायचं?

सगळ्यात जास्त येणारा प्रश्न हाच, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचाही. पार्श्वगायनावर वाढलेल्या प्रेक्षकाला तरी हा प्रश्न पडू नये. गाणं दुसऱ्याच्या गळ्यातलं असलं तरी ते पडद्यावर कोणी जगवलं, हे आपल्याला बरोबर कळतं.

या चित्रपटात दिऊआना तोंडाने फार थोडं बोलते. मालकांपुढे तिचे शब्द जवळजवळ होकारापुरतेच असतात. बाकी जे काही घडतं ते दियोप यांच्या चालण्यात, मानेत, हातांत आणि डोळ्यांत. आंतिबच्या घरात ती उंच टाचांचे बूट, केसांचा टोप आणि ठिपक्यांचा चांगला पोशाख घालून लादी पुसते. इथे दियोप यांची चाल नीट बघा. त्या खोलीत पाहुणी असल्यासारख्या वावरतात, फडकं हातात असूनही. मालकीण चिडते, एप्रन बांधायला लावते, बूट काढायला सांगते. अनवाणी झाल्यावर त्यांची चाल बदलते. खांदे उतरतात, पाऊल जड पडतं. यासाठी एकही संवाद नाही. हे आपोआप होत नाही. ते ठरवून, जपून केलेलं काम आहे.

दुसरा प्रसंग जेवणाचा. पाहुणे आले आहेत, दिऊआनाने आफ्रिकी पद्धतीचा भात केला आहे. एक वयस्कर पाहुणा उठतो आणि 'काळ्या बाईचं चुंबन कधी घेतलं नव्हतं' म्हणत तिच्या गालांवर ओठ टेकवतो. टेबलावरच्या लोकांना त्यात काही वावगं वाटत नाही. दियोप ओरडत नाहीत, हात उगारत नाहीत. त्या फक्त आक्रसतात, आणि चेहरा बंद होतो. आपला अपमान झालाय हे कळणं आणि तो बोलून दाखवण्याची सोय नसणं, ही दोन्ही त्या एका क्षणात दिसतात.

आणि याच्या उलट टोकाला डाकारमधला प्रसंग. फ्रान्सला जायचं ठरलं म्हणून आनंदलेली दिऊआना युद्धात मेलेल्यांच्या स्मारकाच्या कट्ट्यावर चढून अनवाणी बागडते, आणि तिचा मित्र घाबरून तिला खाली ओढतो. तीच अनवाणी पावलं, पण इथे ती हलकी आहेत. डाकार आणि आंतिब या दोन्ही ठिकाणचे प्रसंग चित्रपटात उलटसुलट येतात, आणि दरवेळी प्रेक्षकाला आपण कुठल्या काळात आहोत हे आधी दियोप यांच्या अंगावरून कळतं, मग जागेवरून. मुख्य भूमिकेवर एवढा भार टाकणारे चित्रपट थोडे असतात.

बिसांत यांच्या आवाजाचं मोल मला कमी करायचं नाही. दिऊआना दोन बायकांनी मिळून घडवली, एकीने देह दिला, दुसरीने आवाज, असं म्हणणंच न्यायाचं होईल. पण चित्रपटाचा आवाज बंद करून वीस मिनिटं पाहा. गोष्ट कळते. नुसता आवाज ऐकून ती तशी कळणार नाही.

६. ही गोष्ट खरी आहे का?

मुळाशी खरी घटना आहे. १९५८ मध्ये आंतिबमध्ये घरकाम करणाऱ्या एका आफ्रिकी तरुणीने आत्महत्या केल्याची बातमी 'नीस-मातें' या स्थानिक वर्तमानपत्रात छोट्या चौकटीत आली होती. सेम्बेन यांनी त्यावर कथा लिहिली. ती १९६२ च्या 'व्होल्ताईक' या त्यांच्या कथासंग्रहात आहे. चित्रपट त्या कथेवरून.

कथा वसाहतीच्या काळात, १९५८ मध्येच घडते. चित्रपट करताना सेम्बेन यांनी ती स्वातंत्र्यानंतरच्या वर्षांत आणली. सेनेगल १९६० मध्ये स्वतंत्र झाला. म्हणजे चित्रपटातली दिऊआना स्वतंत्र देशाची नागरिक आहे. हा बदल वरवर छोटा वाटतो, पण चित्रपटाचा सगळा जोर त्यात आहे. झेंडा बदलला, घरातली शिस्त तीच राहिली.

७. ती इतक्या टोकाला का जाते? मालक तर तिला मारहाणही करत नाहीत.

हा प्रश्न विचारणाऱ्यांना मी पत्राचा प्रसंग पुन्हा पाहायला सांगते. आईचं पत्र येतं. दिऊआनाला लिहिता-वाचता येत नाही. मालक ते मोठ्याने वाचतो आणि तिच्या वतीने उत्तरही स्वतःच लिहायला घेतो: मी मजेत आहे, सगळं छान आहे. तिच्या नावाने तिचं आयुष्य दुसराच कोणी सांगतोय, आणि तिला ते थांबवायला शब्द नाहीत. ती कागद फाडते. दियोप यांच्या हातांत त्या वेळी जो ताठपणा येतो तो विसरता येत नाही.

मारहाण नाही हे खरं. पण ती बाहेर पडू शकत नाही, तिचा पगार रखडतो, तिला पाहुण्यांपुढे वस्तूसारखं दाखवलं जातं, तिच्याबद्दल तिच्यासमोर बोललं जातं, आणि ज्या कामासाठी आणलं ते काम दुसरंच निघतं. जवळचं एक माणूस नाही. ती पगाराच्या नोटा परत करते, भेट दिलेला मुखवटा काढून घेते (प्रश्न ८), आणि न्हाणीघरात जीव देते. सेम्बेन हा प्रसंग लांबवत नाहीत.

८. त्या मुखवट्याचा अर्थ काय?

अर्थ लावण्यापेक्षा त्याचा प्रवास पाहिला तर जास्त कळतं. डाकारमध्ये एका लहान मुलाच्या खेळण्यातला तो मुखवटा. काम मिळाल्याच्या आनंदात दिऊआना तो मालकांना भेट देते. आंतिबला तो पांढऱ्या भिंतीवर शोभेची वस्तू म्हणून टांगलेला असतो. ती तो काढून घेते, मालकिणीशी ओढाताण होते. तिच्या मृत्यूनंतर मालक तिची पेटी, पैसे आणि मुखवटा घेऊन डाकारला जातो. आई पैशांना हात लावत नाही. मुलगा मुखवटा चेहऱ्यावर चढवतो आणि मालकाच्या मागे मागे चालत राहतो, तो वस्तीतून पळ काढेपर्यंत.

९. फ्रेंच न शिकलेली मुलगी मनातल्या मनात इतकं सफाईदार फ्रेंच कसं बोलते?

बरोबर पकडलंत. चित्रपटाची ही खरी अडचण आहे. डाकारमधली दिऊआना वोलोफ या सेनेगलच्या भाषेत विचार करणार. पैसा, तंत्रज्ञ आणि वितरण या सगळ्यांच्या वाटा फ्रान्समधून जात होत्या, त्यामुळे चित्रपट फ्रेंचमध्ये झाला. काही समीक्षक याकडे दोष म्हणून पाहतात. काहींच्या मते ते योग्यच आहे: बाहेर मुकी असलेली बाई आत किती नेमकं बोलते, हे फ्रेंच प्रेक्षकाला त्याच्याच भाषेत ऐकवलं गेलं. मला दुसरं म्हणणं पटतं, पण अडचण त्याने मिटत नाही.

सेम्बेन यांनाही ती जाणवत असावी असं त्यांच्या पुढच्याच चित्रपटावरून दिसतं. १९६८ चा 'मांदाबी' त्यांनी वोलोफमध्ये केला, सोबत फ्रेंच आवृत्तीही चित्रित केली. त्यात माखुरेदिया गेये यांनी इब्राहिमा दियेंगची भूमिका केली आणि त्यांच्या तोंडी त्यांची स्वतःची भाषा होती. दियोप यांना १९६६ मध्ये जे मिळालं नाही ते गेये यांना दोन वर्षांनी मिळालं.

१०. 'आफ्रिकेतला पहिला चित्रपट' असं सगळीकडे लिहिलेलं असतं. ते खरं का?

तसं सरसकट लिहिणं चुकीचं आहे. इजिप्तमध्ये मूकपटांच्या काळापासून चित्रपट बनत होते, कैरोचा उद्योग तर मोठाच. दक्षिण आफ्रिकेतही फार आधीपासून, पण गोऱ्यांच्या ताब्यात. सहाराच्या दक्षिणेकडच्या कृष्णवर्णीय दिग्दर्शकांपुरतं बोलायचं तरी आधीची कामं आहेत. पोलँ व्हिएरा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५५ मध्ये 'आफ्रिक-सूर-सेन' केला, तोही पॅरिसमध्ये. कारण १९३४ च्या लाव्हाल हुकमानुसार फ्रेंच वसाहतींत चित्रीकरणाला सरकारी परवानगी लागायची आणि वसाहतीतल्या माणसांना ती मिळत नव्हती. नायजरचे मुस्तफा अलासान १९६२ पासून लघुपट करत होते. सेम्बेन यांचाच 'बोरोम सारेत' १९६३ चा, साधारण वीस मिनिटांचा.

मग नेमकं काय म्हणावं? सहाराच्या दक्षिणेकडच्या कृष्णवर्णीय दिग्दर्शकाचा, जगभर दखल घेतला गेलेला पहिला दीर्घ कथापट. वाक्य लांब आहे, पण खरं आहे. 'दीर्घ' या शब्दावरही एक फाटा फुटतो, त्यासाठी पुढचा प्रश्न.

११. कुठे ५५ मिनिटं, कुठे ५९, कुठे ६५ लिहिलेलं असतं. नेमकी लांबी किती?

आज सहज मिळणारी प्रत सुमारे एक तासाची, त्यातही तासाच्या किंचित आतली आहे. मुळात चित्रपट लांब होता. फ्रान्सच्या नियमांनुसार दीर्घ चित्रपट करायला दिग्दर्शकाकडे व्यावसायिक परवाना लागायचा. सेम्बेन यांच्याकडे तो नव्हता, म्हणून चित्रपट तासाच्या आत बसवावा लागला. सरकारी कागदांवर तो लघुपट ठरला, इतिहासाने त्याला दीर्घ चित्रपट मानलं.

काटछाटीत एक रंगीत भागही गेला. दिऊआना फ्रान्समध्ये उतरल्यावर मोटारीतून समुद्रकिनाऱ्याने जाते तेवढा प्रसंग रंगीत होता आणि मग घरात शिरल्यावर सगळं काळंपांढरं. तो भाग आता अतिरिक्त साहित्य म्हणून पाहता येतो (प्रश्न १८).

१२. पैसे कोणी दिले? फ्रान्सनेच दिले असतील तर फ्रान्सवर टीका कशी चालली?

१९६३ मध्ये फ्रान्सच्या सहकार मंत्रालयात चित्रपट विभाग सुरू झाला. ज्याँ-रने देब्री त्याचे प्रमुख. पूर्वीच्या वसाहतींमधले दिग्दर्शक आपली पटकथा तिथे पाठवत, मदत मिळे, आणि त्या बदल्यात बिगर-व्यापारी प्रदर्शनाचे हक्क मंत्रालयाकडे जात. 'ला न्वार द…'ची पटकथा या विभागाने नाकारली. सेम्बेन यांनी 'फिल्मी दोमिरेव्ह' या आपल्या संस्थेमार्फत आणि आंद्रे झ्वोबादा यांच्या 'लेझाक्तुआलिते फ्रांसेझ' या कंपनीच्या साथीने चित्रपट पुरा केला. कलाकारांना सराव, वेळ, पुन्हा पुन्हा चित्रीकरण अशा सोयी मिळणं या बजेटमध्ये शक्यच नव्हतं. दियोप यांचं काम पाहताना हेही ध्यानात ठेवावं.

१३. पारितोषिकं मिळाली, त्यात दियोप यांना काय मिळालं?

१९६६ मध्ये चित्रपटाला फ्रान्सचं ज्याँ व्हिगो पारितोषिक मिळालं आणि ट्युनिशियातल्या कार्थेज महोत्सवाच्या पहिल्याच वर्षी 'सुवर्ण तानित' हे तिथलं मुख्य पारितोषिक. ही पारितोषिकं चित्रपटाला आणि दिग्दर्शकाला होती. 'साइट अँड साउंड' मासिकाच्या २०२२ च्या जगभरातल्या समीक्षकांच्या पाहणीत चित्रपट पहिल्या शंभरात, ९५ व्या क्रमांकावर इतर काही चित्रपटांसोबत आला. अशा याद्यांत नाव दिग्दर्शकाचं छापलं जातं. म्हणून त्या यादीवर बोलताना आपण तरी दियोप यांचं नाव घ्यावं, एवढा माझा आग्रह आहे.

१४. एवढं काम करून त्या पुढे तारका का झाल्या नाहीत?

तारका व्हायला उद्योग लागतो. सेनेगलमध्ये स्टुडिओ नव्हते आणि वर्षाला होणारे दीर्घ चित्रपट बोटांवर मोजण्याइतके. थिएटरं दोन फ्रेंच कंपन्यांच्या पकडीत होती, कोमासिको आणि सेकमा. त्यांना अमेरिकी, फ्रेंच, इजिप्शियन आणि हिंदी चित्रपट स्वस्तात मिळत. स्थानिक चित्रपटाला पडदा मिळणं हीच लढाई. शिवाय सेम्बेन प्रत्येक चित्रपटाला नवे चेहरे शोधत. या सगळ्यात एका अभिनेत्रीला लागोपाठ भूमिका मिळण्याची व्यवस्थाच नव्हती.

त्या पुन्हा दिसल्या सेम्बेन यांच्या १९७१ च्या 'एमिताई'मध्ये. दुसऱ्या महायुद्धात फ्रेंच सैन्य सेनेगलच्या कासामांस भागातल्या जोला जमातीच्या गावातला तांदूळ जप्त करायला येतं आणि बायका तो लपवतात, अशी त्याची गोष्ट. तिथे एकटी नायिका नाही, गावातल्या सगळ्या बायका मिळून नायिका आहेत.

आणि मग कित्येक वर्षांनी, २०२० मध्ये, माइमुना दुकुरे यांच्या 'मिन्योन' (इंग्रजीत 'क्युटीज') या चित्रपटात त्यांनी पॅरिसमध्ये राहणाऱ्या सेनेगली कुटुंबातली आत्या साकारली. या चित्रपटाच्या जाहिरातीवरून अमेरिकेत बराच वाद झाला, त्यात या भूमिकेकडे कोणाचं लक्ष गेलं नाही. वास्तविक, सेनेगलमधून फ्रान्सला आलेल्या बाईची भूमिका दियोप यांनी अर्ध्या शतकाच्या अंतराने दोनदा केली. पहिली तिथे तग धरू शकली नाही. दुसरी तिथे म्हातारी झाली आहे, घरातल्या मुलीला शिस्त लावते आहे. दोन्ही लागोपाठ पाहाव्यात.

१५. त्या आफ्रिकेतल्या पहिल्या अभिनेत्री म्हणायच्या का?

'पहिली' हा किताब कोणालाच देऊ नये असं मला वाटतं, प्रश्न १० मध्ये सांगितलेली सगळी कारणं इथेही लागू आहेत. पण या प्रश्नाच्या निमित्ताने झालिका सुले यांचं नाव घ्यायलाच हवं. नायजरच्या सुले यांनी त्याच १९६६ मध्ये मुस्तफा अलासान यांच्या 'ल रतूर दँ आव्हांत्युरिए' या वेस्टर्नच्या, म्हणजे अमेरिकी काउबॉयपटांच्या धाटणीच्या छोट्या चित्रपटात काम केलं आणि पुढे उमारू गांदा, अलासान यांच्या चित्रपटांमधून करत राहिल्या. व्यावसायिक आफ्रिकी चित्रपट अभिनेत्री म्हणून त्यांचा उल्लेख सर्वात आधी होतो तो या सातत्यामुळे. त्याची किंमत त्यांनी मोजली. पडद्यावर बेबंद बायका रंगवल्या म्हणून लोकांनी त्यांना खऱ्या आयुष्यातही तसंच मानलं. रहमातू केता यांनी २००४ मध्ये त्यांच्यावर माहितीपट केला. सुले २०२१ मध्ये वारल्या.

१६. दिग्दर्शिका माती दियोप यांच्याशी नातं आहे का?

आडनावावरून हा प्रश्न येतो. दियोप हे सेनेगलमध्ये अगदी सर्रास आढळणारं आडनाव आहे, त्यावरून नातं ठरत नाही. माती दियोप या संगीतकार वासिस दियोप यांच्या कन्या आणि 'तुकी बुकी' (१९७३) करणाऱ्या जिब्रिल दियोप माम्बेती यांच्या पुतणी.

१७. शाळा-कॉलेजात किंवा फिल्म सोसायटीत दाखवायला योग्य आहे का?

कॉलेजसाठी उत्तम. मात्र आत्महत्येचा प्रसंग आहे हे आधी स्पष्ट सांगा आणि चित्रपट संपल्यावर चर्चेला वेळ ठेवा. घरकामाला दुसऱ्या गावातून आणलेल्या मुली आपल्या आसपासच्या फ्लॅटांमध्येही आहेत, त्यामुळे चर्चा आफ्रिकेपाशी थांबत नाही. लहान मुलांना दाखवू नये.

१८. कुठे पाहायला मिळेल, आणि आधी काय पाहावं?

मार्टिन स्कोर्सेसी यांच्या 'द फिल्म फाउंडेशन'च्या जागतिक सिनेमा प्रकल्पाने सिनेतेका दी बोलोन्या या संस्थेसोबत चित्रपटाची डागडुजी केली. जुन्या फिकट प्रतींपेक्षा ही प्रत शोधा. आंतिबच्या घराचा पांढरेपणा आणि दियोप यांच्या चेहऱ्यावरचे बारकावे तिच्यातच नीट दिसतात. क्रायटेरियन या अमेरिकी डिस्क-कंपनीने २०१७ मध्ये काढलेल्या आवृत्तीत 'बोरोम सारेत', तो रंगीत भाग आणि दियोप यांची मुलाखत आहे. सेम्बेन यांच्याऐवजी दियोप यांच्याच तोंडून हे सगळं ऐकायचं असेल तर ती मुलाखत सोडू नका. परदेशातून डिस्क मागवणार असाल तर प्रदेश-कोड (ती कुठल्या देशांतल्या प्लेअरवर चालते ते) तपासा. क्रायटेरियनची ब्लू-रे 'ए' प्रदेशाची असते, भारत 'सी' प्रदेशात येतो, त्यामुळे सगळे प्रदेश चालवणारा प्लेअर लागेल.

क्रम विचाराल तर 'बोरोम सारेत' आधी, तेवढी वीस मिनिटं डाकार ओळखीचं करून देतात. मग 'ला न्वार द…'. त्यानंतर 'मांदाबी', आणि एखाद्या आठवड्याने 'मिन्योन'.